वगाला उठून जाणारी मुले

गण झाला, गौळण झाली, बतावणी आणि सिनेमाची गाणी झाली, की वग सुरू होतो आणि पुढे बसलेली तरुण मुले उठतात. जुन्नर-आंबेगावच्या जत्रांतून हे मी वारंवार पाहिले आहे. वडीलधारी मंडळी मोबाईलला शिव्या देऊन मोकळी होतात. अर्ध्या मिनिटाची रील्स पाहून पोरांत दम उरला नाही, असे त्यांचे म्हणणे.

मला हे निदान पटत नाही. हीच पोरे सकाळपासून घाटात असतात. बैलगाडा घाट संपवतो तो दहा-पंधरा सेकंदांत. तेवढ्यासाठी दिवसभर उन्हात उभा राहणारा मुलगा उतावळा कसा? २०१४ ते २०२१ शर्यतींवर बंदी होती, तेव्हाही त्याने कळ काढलीच की!

दोष वगाचा आहे. नारायणगाव म्हणजे तमाशाची पंढरी. जत्रांच्या हंगामापूर्वी तेथे फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावची मंडळी सुपारी द्यायला येतात. याच गावाचे नाव विठाबाई भाऊ मांग नारायणगावकरांनी राष्ट्रपतींच्या गौरवापर्यंत नेले. तेथल्या फडांच्या वगाला प्रेक्षक उठून जावा, ही हसण्यावारी नेण्याची गोष्ट नव्हे. वग गेला की उरतो नुसता गाण्यांचा कार्यक्रम, आणि त्यासाठी एवढा मोठा फड पोसायचा कशाला?

पण वगात असते काय? राजा, दरोडेखोर, नाही तर सूड घेणारी बहीण. समोरचा मुलगा मात्र पडेल भावाने टोमॅटो विकून आलेला असतो. रात्री उसाला पाणी द्यायचे तर बिबट्याची धास्ती. आणि शेती करतो म्हणून लग्नाला मुलगी मिळत नाही. बतावणीत सोंगाड्या या लग्नावर चार वाक्ये टाकतो, तेव्हा हातांतले मोबाईल खाली येतात. मग वग लागतो नि सोंगाड्या पुन्हा राजाचा शिपाई होतो!

जावा बेटावर महाभारताची छायानाट्ये रात्रभर चालतात. मध्यरात्रीच्या सुमारास सेमार नावाचा विदूषक मुलांसह येतो आणि पांडवांना बाजूला ठेवून आजच्या गोष्टी बोलू लागतो. आपल्या वगाचे संवादही पूर्वी जागच्या जागी रचले जात. म्हणजे ते दार आपल्याकडेही होतेच.

मोबाईलवर माझा फारसा राग नाही, याला आणखी एक कारण आहे. तमाशाच्या कनातीत ज्यांना घरचे पाऊल टाकू देत नाहीत, त्या मुलींपर्यंत ढोलकी पोचली ती त्याच्यामुळेच. टोमॅटोच्या बाजारातल्या एका रात्रीवर कोणी वग रचलाच, तर शेतकऱ्याच्या पोराला नकार देणाऱ्या मुलीलाही त्यात बोलू द्यावे. तिची बाजू काही कच्ची नाही.