पॉल झिल्स आणि स्वतंत्र अनुबोधपटाचा प्रश्न

भारतीय अनुबोधपटाचा इतिहास बहुधा १९४८ मध्ये स्थापन झालेल्या ‘फिल्म्स डिव्हिजन’च्या अनुषंगाने सांगितला जातो. परिणामी, शासकीय चौकटीबाहेर राहून मुंबईत अनुबोधपटाची पायाभरणी करणाऱ्या पॉल झिल्स यांच्या कार्याची नोंद तुटकपणे होते.

१९१५ मध्ये जन्मलेले झिल्स जर्मनीतील ‘ऊफा’ या चित्रसंस्थेत घडले आणि दुसऱ्या महायुद्धाच्या काळात स्थानबद्ध म्हणून भारतात आले. १९४५ मध्ये ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ या सरकारी संस्थेच्या बाह्य विभागाची सूत्रे याच शत्रुराष्ट्रीय दिग्दर्शकाकडे सोपविण्यात आली. १९४६ मध्ये ती संस्था बंद पडल्यावर मायदेशी न परतता त्यांनी फली बिलिमोरिया यांच्यासह ‘डॉक्युमेंटरी युनिट, इंडिया’ उभारले.

येथून स्वतंत्र निर्मात्याची कोंडी सुरू होते. शासनमान्य लघुपट दाखविणे चित्रपटगृहांवर बंधनकारक झाल्याने शासकीय अनुबोधपटाला हक्काचा प्रेक्षक मिळाला. स्वतंत्र निर्मात्यास मात्र शासनाचे काम किंवा ‘बर्मा-शेल’सारख्या कंपनीचे प्रायोजकत्व यांपैकी एक स्वीकारणे भाग होते. रवींद्रनाथांच्या ‘चार अध्याय’वर आधारित ‘झलझला’ (१९५२) या कथापटाकडे झिल्स वळले, त्याचा विचारही या पार्श्वभूमीवर करावा लागतो.

‘मार्शल डान्सेस ऑफ मलबार’ (१९५७) सारख्या अनुबोधपटांतून त्यांनी लोकजीवन व परंपरा यांचे सुबक चित्रण केले. परंतु या सुबकपणालाच मर्यादा आहे. परंपरेचे दर्शन प्रायोजकाला अडचणीचे नसते. त्या परंपरेत जगणाऱ्या माणसाचे प्रश्न तसे असू शकतात. झिल्स यांचा कॅमेरा या सीमारेषेपाशी बहुधा थांबतो.

म्हणूनच त्यांचे मोठेपण एकेका चित्रपटापेक्षा त्यांनी घडविलेल्या परंपरेत अधिक आहे. जग मोहन व बिलिमोरिया यांच्यासह चालविलेल्या ‘इंडियन डॉक्युमेंटरी’ या नियतकालिकाने अनुबोधपटाला चर्चेचे व्यासपीठ दिले. १९५०च्या दशकाअखेरीस झिल्स जर्मनीस परतले. पुढे बिलिमोरिया यांच्या ‘द हाउस दॅट आनंद बिल्ट’ला (१९६८) ऑस्कर नामांकन लाभले, त्यात ओडिशातील एक साधे कुटुंब केंद्रस्थानी आले. मात्र त्याची निर्मिती ‘फिल्म्स डिव्हिजन’ची होती. स्वतंत्र अनुबोधपटाने माणसे घडविली. त्यांना स्वतंत्रपणे उभे राहता येईल अशी वितरणव्यवस्था मात्र घडली नाही. झिल्स यांच्या कारकिर्दीचा हाच अनुत्तरित प्रश्न आहे.