'स्मोंग': एका शब्दाची कथा

कलेसाठी कला की जीवनासाठी कला, हा वाद मराठीत प्रा. फडके व श्री. खांडेकर यांच्या नावांशी कायमचा निगडित झाला आहे. त्याचा निकाल लागला नाही. परंतु एका लहानशा लोककथेपुढे तो वाद आम्हांस थिटा वाटू लागला आहे.

सुमात्राच्या पश्चिमेस सिमेउलुए नावाचे बेट आहे. १९०७ साली तेथे भूकंपामागोमाग समुद्र चालून आला व पुष्कळ माणसे बुडाली. तेथील देवायान भाषेत अशा लाटेस 'स्मोंग' म्हणतात. वाचलेल्यांची हकीकत आजीकडून नातवंडांकडे, कधी कथेच्या तर कधी अंगाईच्या रूपाने उतरत आली. धरणी जोराने हादरून समुद्र ओसरला, की मागे न पाहता टेकडी गाठावी, एवढाच तिचा आशय. ता. २६ डिसेंबर २००४ रोजी पहिली लाट दहा मिनिटांच्या आत किनाऱ्यास आली. यंत्रांचा इशारा नव्हता; 'स्मोंग' ही हाक मात्र उठली. सुमारे ७८,००० वस्तीपैकी सात माणसे दगावली. टेकड्या जवळ होत्या, हेही खरे. पण आचेच्या मुख्य भूमीवर, जेथे ही कथा नव्हती, मृत व बेपत्ता मिळून दीड लाखाहून अधिक झाले.

वाङ्मय म्हणून या कथेकडे पाहावे, तर तिला नायक नाही, खलनायक नाही. कंप, ओहोटी, धाव अशा तीनच पायऱ्या. त्यांचा क्रम बदलण्याची मुभा कोणाही सांगणाऱ्यास नाही. हा संयम हीच तिची कला. हाक कानी पडताच सारी कथा ऐकणाऱ्याच्या मनात उभी राहते. आनंदवर्धनाने ज्यास ध्वनी म्हटले, त्याच्या फार जवळचे हे सामर्थ्य आहे. बोध तिला शेवटी चिकटवावा लागत नाही, आणि उपयोगी पडली म्हणून तिचे सौंदर्यही उणावत नाही.

मर्यादा एकच: ती आपल्या भाषेबाहेर गेली नाही. आम्ही कचेरीत परिपत्रके लिहितो. पोच मिळाली की ती फायलीत निजतात. आजीच्या गोष्टीस पोच लागत नाही, मात्र आजीची भाषा नातवास कळावी लागते. परप्रांती वाढणारी आमची मुले सुटीत घरी गेल्यावर आजीस इंग्रजीत उत्तर देतात, तेव्हा आम्हांस सिमेउलुए आठवते.