भिंतीपलीकडून येणारा सूर

चित्रपटाचे संगीत म्हटले की आपल्या घरांतून अजूनही गाण्यांचीच चर्चा होते. चाल कोणाची, गायले कोणी, यावर फराळाच्या ताटाभोवती वाद रंगतात. पण प्रसंगात कोणता आवाज जवळून यावा, कोणता दुरून यावा आणि कोणता मुळीच येऊ नये, हे ठरविणारी ध्वनियोजना सहसा कोणाच्या ध्यानी येत नाही. धंदेवाईक साच्याबाहेर काढलेल्या चित्रपटांत तर कित्येकदा मर्माची गोष्ट तीच सांगून जाते.

नागराज मंजुळे यांचा २०१३ सालचा ‘फँड्री’ घ्या. अलोकनंदा दासगुप्ता यांचे पार्श्वसंगीत त्यात आहे. पण या चित्रपटातील सर्वांत बोलका सूर त्यांनी रचलेला नाही. शाळेजवळ जब्याचे कैकाडी कुटुंब डुकरामागे धावत आहे. डुक्कर आता हाती लागणार, इतक्यात शाळेत राष्ट्रगीत सुरू होते. जब्या जागच्या जागी ताठ उभा राहतो. मग घरची माणसेही थांबतात. डुक्कर निसटून जाते.

येथे एखादी आर्त तान घालून आमच्या डोळ्यांत पाणी आणणे सोपे होते. जब्याची कीव करून आपण मोकळे झालो असतो. राष्ट्रगीत ऐकू येताच मात्र ती सोय उरत नाही. कारण ते आपलेही आहे. येथे पांढरकवड्याला रोज मुलांच्या रांगांपुढे मी त्याच सुरात उभा राहतो, म्हणून हा प्रसंग मला अधिकच बोचतो. शाळेच्या भिंतीला तो सूर अडविता येत नाही आणि भिंतीबाहेरचा माणूसही त्याचा पुरता मान राखतो. मग त्या माणसाचा मान गावाने का राखू नये? हा प्रश्न एकही संवाद न घालता विचारला गेला आहे.

चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ (२०१४) मध्ये वाट निराळी आहे. तेथे गाणे हेच आरोपी आहे. संभाजी भगत यांची गाणी शाहीर नारायण कांबळे भर सभेत खड्या आवाजात गातो; ही भूमिका आमच्या विदर्भाचे दिवंगत वीरा साथीदार यांनी केली. त्या आवाजावरचा खटला मात्र कायद्याची कलमे वाचण्याच्या एकसुरी आवाजात चालतो. तेथे कंटाळा येतो, ही तक्रार खोटी नाही. पण तो कंटाळाच शाहिराची शिक्षा आहे, हे ध्यानी घ्यावे.

दोहोंत मला ‘फँड्री’ अधिक खोल वाटतो. ‘कोर्ट’ पाहताना दोष न्यायालयाच्या पदरात टाकता येतो. ‘फँड्री’त आपणही त्या राष्ट्रगीतासाठी उभे असतो. सुटीत हा चित्रपट मुलांसह अवश्य पाहावा, आणि त्या प्रसंगी घरात कोणी बोलत असेल तर त्याला थोडे गप्प बसवावे.