पाठांतर आणि ओळखपत्र : पेमा त्सेदेन यांचा ‘थार्लो’

डोंगराळ मुलुखातील जीवनाचे चित्रण करणाऱ्या कलाकृतीचा विचार करताना आपली समीक्षा बहुधा एका ठरीव सूत्राचा आश्रय घेते : जुने निर्मळ होते, नवे आले आणि जुने लोपले. पेमा त्सेदेन (१९६९–२०२३) या तिबेटी कथाकार-दिग्दर्शकाची निर्मिती या सूत्रात बसत नाही. ती का बसत नाही, हाच येथे विचारणीय प्रश्न होय.

आम्दो प्रांतात जन्मलेल्या त्सेदेन यांनी तिबेटी आणि चिनी अशा दोन्ही भाषांत कथालेखन केले. ‘थार्लो’ (२०१५) हा कृष्णधवल चित्रपट त्यांच्या स्वतःच्याच कथेवर आधारलेला आहे. थार्लो हा एकाकी मेंढपाळ. ओळखपत्राच्या छायाचित्रासाठी तो शहरात येतो, केशकर्तनालयातील एका तरुणीच्या मोहात गुंततो आणि मेंढरे विकून आलेला पैसा तिच्या हवाली करतो. पैशासह ती नाहीशी होते. वेणी तर तिच्याच हातून उतरलेली असते. त्यामुळे ओळखपत्र हाती येते तेव्हा त्यावरील चेहरा त्याचा राहिलेला नसतो.

एवढेच असते तर ही भोळ्या डोंगरवासीयाच्या अधःपाताची नीतिकथा झाली असती. तिला निराळी खोली देतो तो आरंभीचा प्रसंग. पोलीस ठाण्यात थार्लो लहानपणी पाठ केलेले एक भाषण धडाधडा म्हणून दाखवतो. भाषण माओचे, भाषा चिनी. लय मात्र मंत्रपठणाची! ज्या स्मरणशक्तीवर तिबेटात गेसरचे महाकाव्य पिढ्यान् पिढ्या जगले, तीच येथे राज्यसत्तेचे शब्द वाहते आहे. लोपणारी परंपरा म्हणून आपण जिच्याकडे पाहतो, तिच्या गाभ्यातच परका मजकूर केव्हाचा येऊन बसला आहे. अखेरीस तेच भाषण म्हणताना थार्लो अडखळतो. स्वतःला ओळखण्याचे त्याचे साधन निसटते, आणि त्याची जागा कागदाच्या तुकड्याला घेता येत नाही. ही शोकात्मता दोन युगांच्या संघर्षातून नव्हे, एकाच मनातील या गुंत्यातून उद्भवते.

तथापि एक उणीव नोंदवणे प्राप्त आहे. शहरातील ती तरुणी नायकाच्या पतनाचे निमित्त एवढीच उरते. तिला स्वतःचे अंतरंग लाभत नाही. ‘बलून’ (२०१९) या नंतरच्या चित्रपटात ही उणीव भरून निघाली आहे. तेथील मेंढपाळ स्त्रीला मूल नको आहे. सरकारचे संततिनियमन एकीकडे आणि मृत आजोबाच तिच्या उदरी परत येत आहेत ही कुटुंबाची श्रद्धा दुसरीकडे. दोघेही तिच्या देहावर हक्क सांगतात. परंपरा येथे केवळ हरवणारी वस्तू नाही, ती हुकूम करणारी शक्तीही आहे.

ग्रामजीवनाचे लेखन करणाऱ्यांना यातून घेण्याजोगे पुष्कळ आहे. परंपरेचा शोक करण्यापूर्वी, ती कोणाच्या मुखी कोणते शब्द घालते आणि कोणाला मुके ठेवते, हे पाहण्याचे धैर्य लेखकापाशी हवे.