न तुटणारा श्वास : ओटिस रेडिंग, भिकल्या धिंडा आणि ऐकायचं राहून गेलेलं संगीत

पद्म पुरस्कारांची सरकारी यादी कोरडी असते. नाव, क्षेत्र, राज्य, संपलं. २०२६च्या पद्मश्रीच्या यादीत एक ओळ होती : भिकल्या लाडक्या धिंडा, कला, महाराष्ट्र. जव्हार तालुक्यातल्या वाळवंड्याचे, नव्वदी ओलांडलेले, लहानपणापासून तारपा वाजवत आलेले वारली कलावंत. बातमी आली आणि आमच्याकडे स्टेटसवर, ग्रुपवर त्यांचे फोटो फिरू लागले. अभिमान वाटावा अशीच गोष्ट होती. पण फोटोत तारपा वाजत नाही. त्या दिवसांत माझ्या वाचण्यात जे आलं त्यात परंपरा, संस्कृती, जतन, वारसा हे शब्द पुष्कळ होते. तारपा वाजतो कसा, तो ऐकायचा कसा, एक तारपकरी दुसऱ्याहून चांगला का वाटतो, यावर जवळपास काहीच नव्हतं.

एवढ्या मोठ्या वादकाबद्दल आपण बोलतो, पण त्याच्या संगीताबद्दल बोलत नाही. साखरशेतात बसून हे लिहिताना मला हीच गोष्ट सगळ्यात जास्त खटकते. आणि ती का खटकते हे सांगायला मला जव्हारपासून फार लांबच्या एका माणसाची मदत घ्यावी लागणार आहे.

ओटिस रेडिंग. जन्म १९४१, अमेरिकेच्या जॉर्जिया राज्यातलं डॉसन हे छोटं गाव. वाढला मेकन शहरात, गाणं सुरू झालं चर्चमध्ये. १९६२च्या ऑक्टोबरमध्ये तो मेम्फिसच्या स्टॅक्स स्टुडिओत गेला, तो स्वतः गायला नाही. जॉनी जेंकिन्स नावाच्या गिटारवादकाचं रेकॉर्डिंग होतं आणि ओटिस त्याची गाडी चालवत आला होता. जेंकिन्सचं काम काही जमलं नाही, थोडा वेळ उरला, तेव्हा या ड्रायव्हरला म्हणाले, गा बघू. त्यानं ‘दीज आर्म्स ऑफ माइन’ गायलं. पुढची पाच वर्षं तो सोल संगीताचा सगळ्यात मोठ्या आवाजांपैकी एक होता. १० डिसेंबर १९६७ला विस्कॉन्सिनमधल्या एका गोठत चाललेल्या तळ्यात त्याचं विमान कोसळलं. तेव्हा तो २६ वर्षांचा होता. त्याच्यासोबत बार-केज या बँडमधली कोवळी पोरंही गेली. काही दिवस आधीच रेकॉर्ड केलेलं ‘डॉक ऑफ द बे’ जानेवारी १९६८मध्ये बाहेर आलं आणि अमेरिकेच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेलं. गायक हयात नसताना असं पहिल्यांदाच घडलं.

ही गोष्ट मला एवढी बारकाईनं सांगता येते, कारण कुणीतरी ती लिहून ठेवली. कोणत्या दिवशी कोणतं गाणं झालं, ड्रमवर कोण होतं, शेवटी शिट्टी का वाजली, यावर लोक आजही वाद घालतात. ओटिसचं आयुष्य २६ वर्षांचं, पण त्याच्या एकेका मिनिटावर पानंच्या पानं आहेत. आमच्याकडे ऐंशी वर्षं वाजवलेल्या माणसाच्या वाट्याला एक ओळ आली.

आता दोघांचं संगीत शेजारी ठेवून बघू. दोघांचंही सगळं काम श्वासावर आहे.

ओटिसचं ‘ट्राय अ लिटल टेंडरनेस’ ऐका. मूळ गाणं १९३०च्या दशकातलं, नाचाच्या हॉलमध्ये वाजणारं, गुळगुळीत. ओटिस १९६६मध्ये ते घेतो आणि अगदी हळू सुरू करतो. मग अल जॅक्सन ज्युनियर ड्रमच्या कडेवर टिक-टिक धरतो, जणू घड्याळ लागलंय. गाणं हळूहळू चढत जातं, आणि शेवटच्या मिनिटात ओटिसच्या तोंडी पूर्ण शब्द राहतच नाहीत. तो एकच अक्षर पुन्हा पुन्हा फेकतो, अडखळतो, हुंकारतो, धापा टाकतो. दम लागलाय हे तो लपवत नाही. उलट जिथे श्वास तुटतो तिथेच गाण्याचा अर्थ बाहेर येतो. सोलमध्ये भावना खरी आहे की नाही याची परीक्षा अशी होते. माणूस स्वतःच्या श्वासाच्या टोकापर्यंत गेला का?

तारप्याचं नेमकं उलटं आहे.

तारपा म्हणजे वाळवलेला दुधी भोपळा, त्यात बसवलेल्या बांबूच्या दोन नळ्या, नळ्यांना छिद्रं, आत बांबूचीच कातलेली पातळ जीभ, पुढे ताडाच्या पानांचा लांब कर्णा, आणि सगळे सांधे मेणानं बुजवलेले. वाजवणारा गालात हवा साठवतो. ती हवा आत ढकलत असतानाच नाकानं नवी हवा घेतो. भोपळ्यातही थोडी हवा साठलेली असतेच. त्यामुळे सूर थांबत नाही. पाच मिनिटं नाही, पंधरा मिनिटं नाही, नाच चालू असेल तोवर नाही. तारपकरी श्वास घेतो कधी हे ऐकणाऱ्याला कळता कामा नये. ओटिसचं कौशल्य श्वास तुटताना दाखवण्यात आहे, तारपकऱ्याचं कौशल्य तो तुटू न देण्यात.

का? कारण त्या श्वासाला माणसं धरलेली आहेत. एकमेकांच्या कमरेला, हाताला धरून नाचणाऱ्यांची साखळी तारप्याभोवती फिरते. तारप्याचा सूर बदलला की साखळीच्या टोकाचा माणूस ओळखतो : आता वळायचं, आता उलट फिरायचं, आता पाय असा टाकायचा. मागचे सगळे त्याच्यामागून वळतात. सूर मध्येच तुटला तर साखळी अडखळते. सोलमध्ये गायकाचा दम सुटला की ऐकणारे अजून पेटतात. इथे दम सुटला तर गोलच मोडेल. म्हणून तारपकऱ्याची भावना त्याच्या धापेत शोधू नका. किती जणांचे पाय त्याच्या एका श्वासावर चालू आहेत, ते मोजा.

हे कळल्यावर तारप्याच्या ‘कंटाळवाण्या’ सुराचंही कोडं सुटतं. आपल्या पिढीतल्या कितीतरी जणांना तारपा म्हणजे तेच तेच वाटतं. तीस सेकंदांच्या रीलमध्ये तो तसाच वाटणार. तीस सेकंदांत तुम्हाला एक फिरून फिरून येणारा तुकडा ऐकू येतो, आणि बोट वर सरकतं. दहा मिनिटं थांबलात तर कान त्या तुकड्यात शिरतो. एखादा सूर किंचित लांबला, एक छिद्र अर्धंच झाकलं गेलं, लय थोडी पुढे सरकली, हे जाणवायला लागतं. आणि तेवढ्यात समोरची रांग वळलेली असते. ‘ट्राय अ लिटल टेंडरनेस’च्या शेवटी बँड एकच तुकडा घोळवत राहतो, तो आपल्याला कंटाळवाणा वाटत नाही, कारण तिथे काय ऐकायचं हे आपल्याला शिकवलं गेलंय. कानालाही शाळा लागते.

ती शाळा कोण चालवतं? अमेरिकेत सुरुवात नावापासून झाली. काळ्या माणसांच्या संगीताच्या विक्रीच्या यादीला ‘बिलबोर्ड’ साप्ताहिक आधी ‘रेस रेकॉर्ड्स’ म्हणायचं, म्हणजे संगीताचं नाव वंशावरून. १९४९मध्ये ते बदलून ‘ऱ्हिदम अँड ब्लूज’ केलं, १९६९मध्ये ‘सोल’. नावं बदलली म्हणून अन्याय संपला नाही. पण ‘हे कुणाचं आहे’ इथून ‘हे कसं वाजतं’ इथवर नाव तरी पोचलं. आपल्याकडे तारप्याचा खण अजून ‘आदिवासी लोककला’ हाच आहे. त्या खणात एकदा टाकलं की ऐकायची गरज उरत नाही, बघितलं की पुरतं. स्वागताला तारपा, उद्घाटनाला तारपा, मिरवणुकीत तारपा. पाहुणे फोटो काढतात, एखादा मंत्री दोन पावलं नाचतो, पाच मिनिटांत निवेदक आभार मानतो.

स्टेजवर तर तारप्याचा आकारच बदलतो. प्रेक्षक एका बाजूला असतात, म्हणून नाचणारे गोल सोडून अर्धवर्तुळ करतात आणि तारपकरी कडेला जातो. मूळ रचनेत त्याला समोरची बाजूच नव्हती, तो मध्ये होता, आणि प्रेक्षक असा वेगळा कुणी नव्हता. ओटिसला स्टेज हवं होतं. जून १९६७मध्ये कॅलिफोर्नियात मॉन्टेरेच्या महोत्सवात त्यानं बहुतेक गोऱ्या, तरुण श्रोत्यांसमोर गाऊन ते मैदान जिंकलं, आणि तो क्षण त्याच्या आयुष्यातला मोठा टप्पा ठरला. तारप्याला मात्र स्टेज दिलं की त्यातलं संगीतच निम्मं होतं. म्हणून ‘मोठं व्यासपीठ मिळायला हवं’ ही आपली नेहमीची मागणी मला पुरेशी वाटत नाही.

वारली चित्राचं उदाहरण इथे आठवतंच. डहाणू तालुक्यातल्या गंजाडचे जिव्या सोमा म्हसे यांना २०११मध्ये पद्मश्री मिळाली. लग्नाच्या घरात भिंतीवर बायका काढायच्या ती चित्रं त्यांच्या हातून कागदावर, कापडावर आली आणि जगभर गेली. आज वारली चित्र कपावर आहे, कुर्त्यावर आहे, सरकारी भिंतीवर आहे. त्यातलं सगळ्यात लोकप्रिय चित्र कोणतं? गोल गोल फिरणारी माणसं आणि मध्ये तारपकरी. म्हणजे तारपा जगातल्या कितीतरी घरांत पोचलाय, पण मुका. चित्र कागदावरून प्रवास करतं. श्वासाला प्रवास करायचा तर रेकॉर्डिंग लागतं, आणि ते नीट व्हायला ऐकणारा कान लागतो.

रेकॉर्डिंग हे मी सरळ गोड औषध म्हणून सांगत नाहीये. स्टॅक्सचीच गोष्ट घ्या. मेम्फिसमध्ये काळ्या-गोऱ्यांचं जगणं वेगळं ठेवलं जात होतं त्या काळात या छोट्या कंपनीच्या बँडमध्ये दोन्हीकडचे वादक शेजारी बसून वाजवत होते. पण तिचे मालक जिम स्टुअर्ट यांनी १९६५मध्ये अटलांटिक या मोठ्या कंपनीशी करार केला तो न वाचता. १९६७मध्ये अटलांटिक विकली गेली आणि त्यानंतर कळलं, आपल्याच स्टुडिओत झालेल्या रेकॉर्डिंगची मालकी आपली नाही. ओटिसची गाणीही त्यातच होती. आवाज टिकला, पण हातातून गेला.

आता हाच प्रश्न आपल्या फोनवर आणा. तारप्याचे व्हिडिओ यूट्यूबवर, इन्स्टावर ढिगानं आहेत. खाली काय लिहिलेलं असतं? ‘वारली डान्स’, ‘आदिवासी नाच’, ‘आमची संस्कृती’. वाजवणाऱ्याचं नाव बहुतेक वेळा नसतं. गाव नसतं. कोणती चाल वाजतेय हे नसतं, खरं तर प्रत्येक चालीला नाव असतं आणि पायही वेगळे असतात. बऱ्याचदा वर डीजेचा बीट चिकटवलेला असतो. करार न वाचता सही करण्यासारखंच आहे हे, फक्त सही आपण करतोय आणि जातंय दुसऱ्याचं.

आणि वेळ कमी आहे. याचं कारण म्हातारे वादक जातील एवढंच नाही. तारपा वाजतो भात तयार होतं, काढणी होते, दिवाळी येते त्या दिवसांत. आमच्याकडे दिवाळी झाली की घरं कुलूपबंद व्हायला लागतात. माणसं वीटभट्टीवर, बांधकामावर, रेती-दगडाच्या कामावर जातात, वसई, भिवंडी, ठाण्याकडे. लेकरंही सोबत. पावसाच्या तोंडावर परत. म्हणजे तारप्याचा मोसम हा गाव भरलेलं असण्याचा शेवटचा मोसम. जव्हार-मोखाड्याचं नाव बाहेर ऐकू गेलं ते १९९२च्या वावर-वांगणीच्या बालमृत्यूंपासून, कुपोषणाच्या बातम्यांमधून. पोट आणि स्थलांतर हे प्रश्न तारप्यापासून वेगळे नाहीत. गोल करायला माणसं लागतात. एकट्या तारपकऱ्याला पुरस्कार देता येतो, पण नाच सुरू ठेवायचा तर रोजगार हमीचं काम गावात मिळालं पाहिजे, ते दिवाळीनंतरही मिळालं पाहिजे. मला वाटतं तारप्यावरच्या कुठल्याही लेखात हे वाक्य यायलाच हवं, नाहीतर आपण भोपळ्याचं कौतुक करतो आणि श्वास विसरतो.

ओटिसला विमान अपघातानं अर्ध्यात तोडलं, तरी त्याचं काम नीट नोंदलेलं होतं म्हणून आज साखरशेतातला पोरगा हेडफोन लावून त्याचा दम ऐकू शकतो. भिकल्या धिंडांनी आयुष्यभर श्वास तुटू दिला नाही. तो ऐकून, समजून, नाव घालून ठेवणं एवढं काम आपल्या पिढीच्या वाट्याला आलंय, आणि त्याला पैसे फार लागत नाहीत. फोन सगळ्यांकडे आहे. यंदा भात पिवळं पडायला लागेल तेव्हा जवळच्या पाड्यावर जा. नाच सुरू झाल्यावर एका जागी उभं राहून नाही, गोलाबरोबर फिरत, निदान वीस मिनिटं सलग रेकॉर्ड करा. वाजवणाऱ्याला विचारून करा. त्याचं नाव, पाडा, चालीचं नाव लिहा. कुणाकडून शिकला ते विचारा. मग घरी येऊन हेडफोन लावून ते पुन्हा ऐका, आणि कोणत्या वादकाचा सूर तुम्हाला जास्त आवडला आणि का, हे चार ओळींत लिहा. आवडला नाही तर तेही लिहा. तारप्यावर टीका करता येते, तो त्या लायकीचा आहे, असं समजून कुणीतरी लिहायला लागलं पाहिजे.