इम्युलेटरची दर्शनी मांडणी : संहिता, पाठभेद आणि लोकनाम ('मुस्तफा' या खेळाच्या निमित्ताने)

गोषवारा : जुने संगणकीय व व्हिडिओ खेळ आजच्या संगणकावर चालविण्यासाठी इम्युलेटर आणि त्यावर बसविलेली 'फ्रंटएंड' ही दर्शनी मांडणी वापरली जाते. ही मांडणी केवळ तांत्रिक सोय नसून ती एक संपादनकृती आहे, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे. तिची संहितानिष्ठा, प्रतिमेची हाताळणी व नामकरण यांची येथे चिकित्सा केली आहे.

बीजसंज्ञा : इम्युलेटर, फ्रंटएंड, रॉमसंच, पाठभेद, लोकनाम, जतन.

१. प्रस्तावना

नाशिकच्या अभ्यासकाला जतनाचा प्रश्न परका नाही. दादासाहेब फाळके यांनी १९१३ मध्ये 'राजा हरिश्चंद्र'नंतर आपला कारखाना नाशिकला हलविला. १९१८ मध्ये येथेच हिंदुस्थान फिल्म कंपनी उभी राहिली. परंतु त्या काळातील बहुतेक मूकपट आज पाहावयास मिळत नाहीत. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ मध्ये, म्हणजे फाळके यांच्या निधनानंतर वीस वर्षांनी. तोवर त्या चित्रपटांना कोणी 'वाङ्मयीन' वा 'सांस्कृतिक' ठेवा मानले नव्हते. ते करमणुकीचे साधन होते आणि करमणूक संपली की साधन टाकून दिले जात होते.

आज हीच अवस्था व्हिडिओ खेळांची आहे. १९९० च्या दशकात महाराष्ट्रातील शहरांत व्हिडिओ गेम पार्लरमध्ये नाणे टाकून खेळणारी आणि शाळेच्या संगणक कक्षात 'डेंजरस डेव्ह' वा 'प्रिन्स ऑफ पर्शिया' खेळणारी पिढी आता मध्यमवयात आली आहे. तिच्या बालपणातील हा अनुभव कोठे नोंदला गेला आहे, असा शोध घेतला असता तो ग्रंथालयात सापडत नाही. सापडतो तो हौशी मंडळींनी सिद्ध केलेल्या इम्युलेटरमध्ये. म्हणून त्या साधनाची समीक्षा करणे आवश्यक ठरते.

२. मांडणीचे स्वरूप

इम्युलेटर म्हणजे जुन्या यंत्राचे वर्तन नव्या यंत्रावर घडवून आणणारी आज्ञावली. निकोला साल्मोरिया या इटालियन प्रोग्रॅमरने १९९७ मध्ये 'मेम' हा पार्लरमधील यंत्रांसाठीचा इम्युलेटर प्रसिद्ध केला. डॉस प्रणालीवरील खेळांसाठी 'डॉसबॉक्स' २००२ मध्ये आला. असे अनेक इम्युलेटर एका छताखाली आणून चित्रे, वर्णने व याद्यांसह सादर करणारी मांडणी म्हणजे फ्रंटएंड. 'रेट्रोआर्च', 'इम्युलेशनस्टेशन' व 'लाँचबॉक्स' ही त्याची परिचित उदाहरणे होत.

ही मांडणी बसविताना वापरकर्ता प्रथम खेळाची रॉम, म्हणजे चिपमधील मजकुराची प्रत, योग्य ठिकाणी ठेवतो. मग 'रेट्रोआर्च'सारखी आज्ञावली त्या प्रतीची गणिती बेरीज काढून ती आपल्या सूचीशी ताडून पाहते. जुळणी झाली की खेळाचे अधिकृत नाव, वर्ष, निर्माता व मुखपृष्ठाचे चित्र आपोआप येते. जुळणी न झाल्यास तो खेळ यादीत येत नाही. त्याची नोंद हाताने करावी लागते. ग्रंथपाल तालिका करतो तेच हे कार्य आहे. फरक इतकाच की येथील तालिका दूरदेशी आधीच तयार झालेली असते.

३. रॉमसंच आणि पाठचिकित्सा

मराठी वाचकाला पाठशुद्धीची परंपरा ज्ञात आहे. संत एकनाथांनी शके १५०६ मध्ये ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली. विसाव्या शतकात भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने महाभारताची चिकित्सित आवृत्ती सिद्ध केली. १९१९ मध्ये आरंभलेले ते कार्य १९६६ मध्ये पूर्ण झाले. 'मेम'ची पद्धती या परंपरेला जवळची आहे. तेथे एका खेळाचा एक मूळ संच मानला जातो आणि निरनिराळ्या देशांतील आवृत्त्या व अनधिकृत नकला त्याचे पाठभेद म्हणून स्वतंत्रपणे नोंदल्या जातात. सदोष प्रतींवर तशी खूणही असते.

फ्रंटएंडमध्ये मात्र ही शिस्त टिकत नाही. यादी आटोपशीर दिसावी म्हणून 'एका खेळाची एकच प्रत' ठेवण्याचा प्रघात आहे आणि ती प्रत प्रायः अमेरिकी किंवा युरोपीय असते. चिकित्सित आवृत्तीचा संपादक पाठभेद तळटीपेत ठेवतो. येथे ते गाळले जातात. आपल्याकडे घरोघरी दूरदर्शन संचाला जोडलेली नकली यंत्रे आणि 'नऊ लाख नव्व्याण्णव हजार नऊशे नव्व्याण्णव खेळ' अशी जाहिरात करणाऱ्या कॅसेट हाच मूळ अनुभव होता. मोजके खेळ पुनःपुन्हा वेगळ्या टप्प्यापासून दाखवून तो आकडा फुगविलेला असे. अशी कॅसेट शुद्ध संहितेच्या दृष्टीने भ्रष्ट आहे, परंतु सामाजिक इतिहासाच्या दृष्टीने तीच अस्सल आहे.

४. प्रतिमा आणि खेळाची किंमत

'कॅपकॉम' कंपनीचा १९९३ मधील 'कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स' हा खेळ उदाहरणादाखल घेऊ. या यंत्राची प्रतिमा ३८४ गुणिले २२४ ठिपक्यांची आहे. परंतु ती चारास तीन या प्रमाणाच्या काचेच्या पडद्यावर दिसावी अशी योजना होती. मांडणी करताना ठिपके चौरस ठेवल्यास पात्रे बसकी व रुंद दिसतात. अशा वेळी संहिता तंतोतंत असूनही कृती विपर्यस्त होते. जुन्या पडद्याच्या रेषांचा आभास निर्माण करणारी सोय फ्रंटएंडमध्ये असते, तिचा तारतम्याने वापर करणे हे संपादकीय कर्तव्यच होय.

दुसरा भेद अधिक मूलगामी आहे. पार्लरमध्ये प्रत्येक पराभवाची किंमत नाण्याने मोजावी लागे. इम्युलेटरमध्ये नाणे म्हणजे कळफलकावरील एक कळ. शिवाय कोणत्याही क्षणी खेळाची स्थिती साठवून मागे जाता येते. त्यामुळे जपून खेळणे, यंत्राभोवती उभ्या मुलांनी सल्ला देणे, आपली पाळी येण्याची वाट पाहणे हा सामूहिक भाग लोप पावतो. त्याची भरपाई कोणतीही आज्ञावली करू शकत नाही. त्यासाठी लेखी व मौखिक नोंदीच हव्यात.

५. नामकरणाचा प्रश्न

वरील खेळ भारतीय पार्लरमध्ये त्याच्या अधिकृत नावाने क्वचितच ओळखला गेला. तो 'मुस्तफा' होता. चार नायकांपैकी मुस्तफा कैरो या पात्राचे नाव येथील मुलांनी साऱ्या खेळाला दिले. इंग्रजी शीर्षक वाचण्यापेक्षा आपल्या कानाला ओळखीचे वाटणारे नाव उचलणे ही भाषेची स्वाभाविक प्रक्रिया आहे. ग्रंथाला ग्रंथकाराने दिलेले नाव मागे पडून लोकांनी दिलेले नाव रूढ होणे आपल्या वाङ्मयाला नवे नाही. 'भावार्थदीपिका' ही 'ज्ञानेश्वरी' झाली.

फ्रंटएंडच्या शोधपट्टीत 'मुस्तफा' लिहिल्यास मात्र आयत्या यादीतून काहीही हाती लागत नाही. जी तालिका वाचकाच्या शब्दाला प्रतिसाद देत नाही, ती तालिका अपुरी आहे. येथे उपाय अवघड नाही. 'इम्युलेशनस्टेशन'ची यादी साध्या मजकूर धारिकेत असते. तीत नाव व वर्णन यांचे रकाने बदलता येतात. अधिकृत नावापुढे लोकनाम आणि वर्णनात खेळाची स्थानिक माहिती मराठीत लिहिणे कोणत्याही महाविद्यालयीन विद्यार्थ्यास शक्य आहे.

६. कायदा आणि जतन

ही चर्चा कायद्याला वगळून करता येत नाही. भारतीय प्रताधिकार कायदा, १९५७ नुसार संगणकीय आज्ञावलीची प्रत कायदेशीररीत्या बाळगणाऱ्यास सुरक्षिततेसाठी दुसरी प्रत करता येते. इतरांच्या प्रती वाटता येत नाहीत. २०१२ च्या दुरुस्तीने अव्यापारी सार्वजनिक ग्रंथालयांना जतनासाठी इलेक्ट्रॉनिक साठवणीची मुभा दिली. परंतु त्या कृतीची बिगर-डिजिटल प्रत ग्रंथालयाकडे आधीच असावी, अशी अट आहे. जी कृती जन्मतःच डिजिटल आहे, तिची बिगर-डिजिटल प्रत कोठून आणावी? १९५४ चा ग्रंथप्रदान कायदाही आज्ञावलींना लागू नाही. अमेरिकेत २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनच्या अभ्यासानुसार तेथील २०१० पूर्वीच्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ बाजारात उपलब्ध नाहीत. तरीही २०२४ मध्ये तेथील प्रताधिकार कार्यालयाने ग्रंथालयांना दूरस्थ अभ्यासासाठी सवलत नाकारली.

दरम्यान यंत्रे थांबलेली नाहीत. 'मुस्तफा'च्या मूळ पाटीवरील ध्वनिप्रक्रियेची किल्ली एका बॅटरीच्या आधारे टिकते. बॅटरी संपली की यंत्र मुके होते. कायदा बदलेपर्यंत ती बॅटरी थांबणार नाही.

७. समारोप

उपरोक्त विवेचनावरून असे म्हणता येईल की, इम्युलेटर संहिता वाचवितो, तर फ्रंटएंड ती कोणाच्या स्मृतीतून वाचावयाची हे ठरवितो. आजची मांडणी पाश्चात्त्य ग्राहकाची स्मृती जपते. १८४० पासून चालत आलेल्या सार्वजनिक वाचनालयाची परंपरा लाभलेल्या नाशिकसारख्या शहरातील महाविद्यालयांनी स्थानिक खेळांच्या नावांची, पार्लरच्या आठवणींची व उरलेल्या यंत्रांची मराठी सूची करणे हे आजच शक्य असलेले कार्य आहे. त्यासाठी एकही रॉम वाटावी लागत नाही. फाळके यांच्या चित्रपटांबाबत जो विलंब झाला, त्याची पुनरावृत्ती टाळणे आपल्या हाती आहे.