पावित्र्य आणि सोवळे

वाशीमचे रेनॉल्ड्स मेमोरियल हॉस्पिटल १९३८ साली सुरू झाले. ते अमेरिकेतील नाझरीन चर्चच्या मिशनरी डॉ. ऑर्फा स्पाइकर यांनी उभारले. दवाखाना पंचक्रोशीच्या परिचयाचा झाला. ‘संपूर्ण पवित्रीकरण’ ही त्या चर्चची गाभ्याची शिकवण मात्र मराठी वाचकाला अपरिचितच राहिली. तिचा शोध घेणाऱ्याने मिल्ड्रेड बँग्ज विनकूप (१९०५–१९९७) या ईशज्ञान-अभ्यासिकेचा ‘अ थिऑलॉजी ऑफ लव्ह’ (१९७२) हा ग्रंथ अवश्य वाचावा.

विसाव्या शतकाच्या आरंभी या चर्चमध्ये पावित्र्याची खूण बव्हंशी वर्ज्य गोष्टींवरून ओळखली जाई : मद्य, तंबाखू, नाटकगृह, दागदागिने. पुढच्या पिढ्यांना शिकवण आणि जगणे यांतील अंतर जाणवू लागले. विनकूप त्या अंतरालाच हात घालतात. जॉन वेस्ली यांच्या विचाराकडे परत जाऊन त्या म्हणतात, की पाप ही शरीरातून उपटून काढायची वस्तू नव्हे. ते वाट चुकलेले प्रेम आहे. म्हणून पावित्र्य म्हणजे देवाशी आणि शेजाऱ्याशी जुळलेले नाते.

मराठी वाचकाला हे प्रतिपादन विशेष भिडावे. आपल्याकडे ‘पवित्र’ या शब्दाला सोवळ्याचा वास चिकटलेला आहे. जो शिवत नाही तो पवित्र, ही आपली जुनी समजूत. प्रभू येशू तर कुष्ठरोग्याला स्पर्श करतो. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनेही ‘ल्युमेन जेन्शियम’च्या (१९६४) पाचव्या प्रकरणात पावित्र्याचे पाचारण सर्वांसाठी आहे आणि प्रीती हीच त्याची पूर्णता आहे, असे सांगितले. दोन भिन्न परंपरा येथे एकमेकींच्या जवळ येतात.

तथापि ग्रंथाची मर्यादा नोंदवली पाहिजे. नाते म्हणताना लेखिकेच्या दृष्टीपुढे मुख्यतः व्यक्ती असते. संस्कार आणि उपासक समाज मागे राहतात. व्यक्तीचे मन पालटले तरी वस्तीची वेस तशीच राहू शकते. दक्षिण भारतात काही ठिकाणी दलित कॅथलिकांची दफनभूमीसुद्धा वेगळी राहिली, हे विसरून आपल्याला हा आक्षेप घेता येणार नाही. एकाच भाकरीत सहभागी होणाऱ्यांनी मरणानंतरही सोवळे पाळावे, ही आपल्या साक्षीतील उणीव आहे.

वाशीमच्या दवाखान्यात जखम धुणारा हात या ग्रंथाचे उत्तम भाष्य ठरावा. आपले भाष्य कोणते, हा प्रश्न ग्रंथ मिटल्यावर उरतो.